लाटणं, पोळपाट आणि बोलोन्या

(मंडळाच्या वार्षिक निधिसंकलन स्नेहभोजनात केलेलं भाषण)



जेवणाआधीचं भाषण म्हणजे वक्त्याची कसोटीच. तुमचं अर्धं लक्ष मागच्या टेबलावरच्या मसालेभाताकडे आहे हे मला इथून स्पष्ट दिसतंय. म्हणून विषयही खाण्याचाच निवडलाय, म्हणजे उरलेलं अर्धं लक्ष तरी माझ्या वाट्याला येईल.

आणखी एक गोष्ट आधीच सांगून टाकते. ‘आमची युरोपची ट्रिप’ असं कुणी म्हटलं की आपल्या मंडळात लोक चपला शोधायला लागतात. चारशे फोटो, त्यातले साडेतीनशे एकाच मनोऱ्यासमोरचे! तसं काही होणार नाही. मी एकही फोटो आणलेला नाही. मी सांगणार आहे ती इटलीतल्या बोलोन्या शहरातल्या एका स्वयंपाकघरात घालवलेल्या साडेतीन तासांची हकिगत. तिथे आम्ही पास्ता करायला शिकलो. आम्ही म्हणजे मी, आमचे हे, आमची एकोणीस वर्षांची लेक आणि माझ्या सासूबाई. सासूबाईंचं वय अठ्ठ्याहत्तर. माहेर आणि सासर दोन्ही सांगलीकडचं. बाबा गेल्यापासून त्या दर उन्हाळ्यात चार-पाच महिने आमच्याकडे येतात. मी त्यांना आईच म्हणते, तेव्हा यापुढे ‘आई’ म्हटलं की त्याच समजा.

आता तुमच्यापैकी ज्यांच्या घरी असे आईवडील येतात त्यांना पुढचं वर्णन ओळखीचं वाटेल. भारतात ज्या बाईने पन्नास वर्षं पहाटे पाचला उठून घर चालवलं, ती इथे आली की सकाळी सोफ्याच्या कडेला बसून राहते. भांडी मशीनमध्ये. कपडे मशीनमध्ये. पोळ्या पाकिटातून. शेजारच्या बाई ‘हॅलो’ म्हणतात, त्यांना ‘हॅलो’ म्हणून झालं की बोलणं संपलं. आई कधी तक्रार करत नाहीत. फक्त एकदा मला म्हणाल्या, “अगं, तुमच्याकडे सगळं छान आहे. माझ्या हातांनाच तेवढं काम नाही.” हे वाक्य मी विसरलेले नाही.

इटलीला जायचं ठरलं तेव्हा आईंचा युरोपचा व्हिसा मुंबईहून काढायचा होता. फॉर्म आमचे हे इथून भरत होते आणि आई तिकडून फोनवर माहिती सांगत होत्या. नाव, जन्मगाव, पासपोर्टचा नंबर. मग रकाना आला, ‘सध्याचा व्यवसाय’. ह्यांनी विचारलं, “आई, इथे काय लिहू?” पलीकडून उत्तर आलं, “काही नाही असं लिही.” ह्यांनी ‘गृहिणी’ असं लिहिलं आणि पुढच्या रकान्याकडे वळले. तो रकाना लक्षात ठेवा, त्याचं काम पुढे आहे.

आता बोलोन्याच का? रोम, व्हेनिस, फ्लॉरेन्स ही नावं सगळ्यांना ठाऊक. बोलोन्या त्या मानाने आपल्या लोकांच्या यादीत मागे राहतं. पण इटालियन माणसाला विचारा, जेवायला कुठे जावं? तो बहुधा बोलोन्याचंच नाव घेईल. या गावाची तीन टोपणनावं आहेत. एक ‘विदुषी’, कारण इथलं विद्यापीठ १०८८ सालापासूनचं मानलं जातं, म्हणजे युरोपातलं सगळ्यात जुनं. दुसरं ‘लाल’, इथल्या विटांच्या आणि कौलांच्या रंगामुळे. आणि तिसरं ‘जाडी’! हो, अगदी प्रेमाने जाडी म्हणतात, कारण इथलं लोणी, चीज, मांस आणि अंड्यांचा पास्ता. शहरभर कमानींचे झाकलेले पदपथ आहेत, सगळे मिळून बासष्ट किलोमीटर. २०२१ मध्ये युनेस्कोने त्यांना जागतिक वारशात घेतलं. पाऊस असो की ऊन, आई आरामात चालायच्या. “आपल्याकडे असे सज्जे हवे होते,” असं दिवसातून दोनदा तरी म्हणायच्या.

गावाच्या मध्यभागी दोन जुने मनोरे आहेत. उंच तो आसिनेल्ली, सुमारे सत्त्याण्णव मीटर. शेजारचा बुटका गारिसेंडा. तो इतका कललाय की २०२३ च्या ऑक्टोबरमध्ये त्याच्याभोवतीची जागा बंद करून डागडुजीला सुरुवात करावी लागली. या उंच मनोऱ्याचा आणि पास्त्याचा संबंध काय, ते आता ऐका. १६ एप्रिल १९७२ या दिवशी इटालियन पाकशास्त्र अकादमीने बोलोन्याच्या व्यापारी मंडळात एक माप रीतसर नोंदवलं. तालियातेल्ले म्हणजे त्या लांब चपट्या पट्ट्यांचा पास्ता. शिजल्यावर तिची रुंदी किती असावी? आठ मिलिमीटर. आणि आठ मिलिमीटर म्हणजे किती? तर आसिनेल्ली मनोऱ्याच्या उंचीचा बारा हजार दोनशे सत्तरावा भाग! त्या मापाची सोन्याची एक पट्टी तिथे जपून ठेवलेली आहे. १९७४ मध्ये तोर्तेल्लिनीच्या सारणाची आणि १९८२ मध्ये रागूची, म्हणजे मांसाच्या रश्श्याची, कृतीही अशीच नोंदवली गेली. हे सगळं लेकीने वाचून दाखवलं तेव्हा आई म्हणाल्या, “आणि आपल्या पुरणपोळीचं माप कुठे ठेवलंय?” लेक हसली. मी मात्र विचारात पडले.

आता क्लासबद्दल. क्लासची फी जेवणासकट माणशी ऐंशी युरो. आईंनी मनातल्या मनात आठ हजार रुपये असा हिशेब केला आणि म्हणाल्या, “कणीक मळायची आपण, लाटायची आपण, आणि पैसेही आपणच द्यायचे?” प्रश्न अगदी रास्त होता, उत्तर कुणाकडेच नव्हतं. पण त्याहून मोठी अडचण वेगळी होती. बोलोन्याचा पास्ता म्हणजे शंभर ग्रॅम मैद्याला एक अंडं, हा तिथला पाठ. आणि आई अंड्याला हात लावत नाहीत. मी आधीच पत्र पाठवून विचारलं. उत्तर आलं, “काही हरकत नाही. आमच्याकडे स्त्रोत्सप्रेती नावाचा पास्ता आहे, तो नुसत्या पीठपाण्याचा. सासूबाईंना घेऊन या.” स्त्रोत्सप्रेती या शब्दाचा अर्थ ‘पाद्र्यांचा गळा घोटणारे’! नाव कशावरून पडलं याच्या गोष्टी गावागावात निरनिराळ्या. आईंना अर्थ सांगितला तर म्हणाल्या, “खायच्या जिनसेला असं नाव देतात का कुणी?” मी म्हटलं, “आई, आपल्याकडे ‘पिठलं’ तरी कुठे फार गोंडस आहे?”

एका जुन्या इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर ते स्वयंपाकघर. शिकवणाऱ्या बाई सत्तरीच्या आसपासच्या, ठेंगण्या, दंड चांगले भरलेले. आम्ही त्यांना सिन्योरा म्हणत होतो. त्यांचं इंग्रजी बेताचं, आमचं इटालियन शून्य, आणि आईंना मराठीखेरीज कानडी तेवढं येतं. मध्यभागी एक लांबरुंद लाकडी फळी. त्यावर एक लाटणं ठेवलेलं, जवळजवळ मीटरभर लांब! आपलं लाटणं त्याच्यापुढे बाळलाटणं. या लाटण्याला मात्तारेल्लो म्हणतात. हातभर लाटणं पाहून आमचे हे आपोआप दोन पावलं मागे सरकले. लग्नाला पंचवीस वर्षं झाली की पुरुषांना अनुभव येतो.

सिन्योरांनी आधी हात दाखवले. त्यांनी फळीवर पिठाचा ढीग केला आणि मध्ये आळं. आळ्यात अंडी फोडली, काट्याने हलकेच फेटत कडेचं पीठ थोडंथोडं आत ओढलं. मग मळायला घेतलं. आपण कणीक तिंबतो ना, अगदी तसंच. तळव्याच्या खालच्या भागाने पुढे ढकलायचं, घडी घालायची, पाव वळसा फिरवायचं, परत ढकलायचं. दहा-पंधरा मिनिटं. गोळा मऊ झाला की झाकून अर्धा तास मुरू द्यायचा. इथे आईंनी मान डोलावली. कणीक मुरल्याशिवाय पोळी मऊ होत नाही, हे जगात सगळीकडे सारखंच.

मग लाटणं. आपण गोल पोळी लाटतो ती वीतभर. यांची एकच पोळी सगळी फळी व्यापते. निम्मी पोळी टेबलाच्या कडेवरून खाली सोडायची, पोटाने ती टेबलाला दाबून धरायची आणि पुढचा भाग लाटण्यावर गुंडाळत तळवे मधून बाहेर सरकवत ताणायचं. पारी किती पातळ हवी? बोलोन्याजवळच्या टेकडीवर सान लूकाचं देवस्थान आहे. पारी उजेडात धरली की पलीकडचं सान लूका दिसलं पाहिजे, असं तिथे म्हणतात. लाकडी फळी आणि लाकडी लाटणं का, याचंही कारण आहे. लाकडामुळे पारीला थोडा खरखरीतपणा येतो आणि मग त्यावर रस्सा धरून राहतो. गुळगुळीत स्टीलच्या रुळांतून काढलेल्या पारीवरून तो घसरतो.

पारी थोडी वाळली की सैलसर गुंडाळायची, सुरीने कापायची आणि बोटांनी झटकून मोकळी करायची. झाल्या तालियातेल्ले. तोर्तेल्लिनी त्याहून किचकट. तीन-चार सेंटिमीटरचे चौकोन कापायचे, मध्ये हरभऱ्याएवढं सारण ठेवायचं, त्रिकोणी घडी घालायची, करंगळीभोवती फिरवून टोकं चिमटायची. सारणात डुकराचं मांस असतं, म्हणून आमच्यासाठी सिन्योरांनी रिकोत्ता चीज आणि पार्सली घालून थोडे मोठे तोर्तेल्लोनी करून घेतले. मोदकाला पाकळ्या पाडणाऱ्या हातांना हे जड नाही. आमच्या लेकीने मात्र पहिले चार केले त्यांना सिन्योरांनी ‘टोपी’, ‘चप्पल’ अशी नावं ठेवली.

शाकाहारी मंडळींसाठी एक उपयोगाची गोष्ट मध्येच सांगते. अस्सल पार्मेजान चीजसाठी वासराच्या पोटातलं विरजण वापरतात, तसा नियमच आहे. तेव्हा जे अगदी काटेकोर पाळतात त्यांनी ‘चीज नको’ असं आधीच सांगावं. टोमॅटो, लसूण, तुळशीच्या जातीचं ते बेझिल आणि ऑलिव्हचं तेल एवढ्यावर झकास होतं. आणि दुकानातला सुका पास्ता अंड्याशिवाय असतो का, असं बऱ्याच जणी विचारतात. इटलीत १९६७ च्या कायद्याने सुका पास्ता डुरम गव्हाच्या रव्याचाच करावा लागतो. त्यात साधारणपणे रवा आणि पाणीच असतं. अंडं असेल तर पाकिटावर लिहिलेलं असतं. वाचून घ्या.

आता आईंची पाळी. त्यांचा पिठापाण्याचा वेगळा गोळा त्यांनी स्वतःच मळला. सिन्योरा बघत होत्या, काही बोलल्या नाहीत. पोळी लाटून तिच्या बोटभर रुंद पट्ट्या कापल्या. मग सिन्योरांनी एक पट्टी उचलली, दोन तळहातांमध्ये धरली आणि एकदा पुढे-मागे घासली. पट्टीला पीळ बसला. तेवढा तुकडा तोडून फळीवर टाकला, पुढचा भाग पुन्हा तळहातांत. हेच ते स्त्रोत्सप्रेती.

आईंनी ते पाहिलं आणि म्हणाल्या, “अगं, ही तर वात!”

मंडळी, ज्या बाईने चातुर्मासात लाखाची वात वळलेली आहे, तिला हे काय कठीण? आईंनी पट्टी घेतली आणि त्यांचे हात सुरू झाले. एक, दोन, दहा, वीस. सगळे एका लांबीचे, सगळ्यांना सारखा पीळ. आम्ही तिघे आपापल्या पट्ट्यांशी झटत होतो तोवर त्यांची निम्मी फळी भरली. सिन्योरा पुढे आल्या, एक तुकडा उचलून पाहिला, खाली ठेवला. आईंचा उजवा हात आपल्या हातात घेतला, उलटा केला आणि तळवा बघितला. ज्योतिषी बघतो तसा. मग आम्हाला म्हणाल्या, “ही माझ्या व्यवसायातली आहे. तुम्ही मला आधी का नाही सांगितलं?”

लेकीने आजीला त्याचं मराठी करून सांगितलं. तिचं मराठी कसं आहे ते तुम्हाला ठाऊक आहे. म्हणाली, “आजी, ती म्हणते तू तिच्या जॉबची आहेस.” आई काही बोलल्या नाहीत. पदराने कपाळ पुसलं आणि पुढची पट्टी उचलली.

बोलोन्यात पारी लाटणाऱ्या बाईला ‘स्फोलीना’ म्हणतात. हा तिथे धंद्याचा शब्द आहे. सुतार, सोनार, गवंडी तसा. पास्त्याच्या दुकानात काचेमागे स्फोलीना उभी राहून लाटते, तिला त्याचा पगार मिळतो, लोक रस्त्यावर थांबून बघतात. काम तेच, जे घरोघरच्या आयांनी केलं. फरक एवढाच, की त्या कामाला त्या गावाने नाव दिलं. आणि नाव असलं की व्हिसाच्या फॉर्मवरचा रकानाही भरता येतो.

उरलेल्या पिठाचा एक छोटा गोळा होता. आईंनी तो हातात घेतला. चिमूटभर पीठ दोन बोटांत धरून वळलं आणि फळीवर एक बारीकसा दाणा पडला. दोन्ही टोकांना निमुळता, गव्हाच्या दाण्यासारखा. गव्हला! मग दुसरा. मग नखाने दाबून एक नखुला. मग एक मालती. सिन्योरांनी चष्मा शोधून डोळ्यांवर चढवला आणि वाकून बघायला लागल्या. “हे कशात घालता?” आई म्हणाल्या, “खिरीत. दूध, साखर, वेलदोडा.” लेकीने भाषांतर केलं. “आणि कधी करता?” “लग्न ठरलं की. पाच सवाष्णी बसतात, मुहूर्त करतात.” सिन्योरांनी स्वतः एक गव्हला वळून पाहिला. तो चांगला वाटाण्याएवढा झाला. त्या खळखळून हसल्या आणि आईंना म्हणाल्या, “पुन्हा दाखवा, सावकाश.” पुढची वीस मिनिटं आमचा क्लास त्यांचा क्लास झाला.

परत येताना त्या कमानींखालून चालत होतो. लेकीने विचारलं, “आजी, हे तू मला कधीच का नाही शिकवलं?” आई म्हणाल्या, “तू कधी विचारलंस?” यात राग नव्हता, टोमणाही नव्हता. सरळ उत्तर होतं.

घरी आल्यावर मी थोडं वाचन केलं. इटलीतही या घरगुती कलेला मान आपोआप मिळालेला नाही. पेल्लेग्रीनो आर्तुझी नावाचा एक व्यापारी होता, बोलोन्याहून तासाभरावरच्या फोर्लिम्पोपोली गावचा. १८९१ मध्ये त्याने पाककृतींचं पुस्तक स्वखर्चाने छापलं. पुढे ते इटलीच्या घराघरात गेलं, आपल्याकडे कमलाबाई ओगल्यांचं १९७० चं ‘रुचिरा’ गेलं तसं. त्याच्या घरी स्वयंपाकघर सांभाळायला दोन माणसं होती, फ्रान्चेस्को रुफिल्ली आणि मारिएत्ता साबातिनी. आर्तुझी १९११ मध्ये वारला तेव्हा पुस्तकाचे हक्क त्याने या दोघांच्या नावे केले होते. आज त्याच्या गावी ‘कासा आर्तुझी’ नावाची संस्था आहे, २००७ मध्ये सुरू झालेली. तिथे हाताने पारी लाटायला शिकवणाऱ्या बायकांना ‘मारिएत्ते’ म्हणतात. चूल सांभाळणाऱ्या बाईचं नाव शंभर वर्षांनीही टिकून आहे, ते असं.

उलटी बाजूही आहे. दक्षिणेकडच्या बारी शहराच्या जुन्या भागात बायका दारात टेबल टाकून ओरेक्किएत्ते, म्हणजे अंगठ्याने दाबलेले ‘इवले कान’, करत बसतात. पर्यटक फोटो काढतात, पिशव्या भरून नेतात. २०१९ मध्ये तिथल्या एका रेस्टॉरंटला दंड झाला, कारण तिथे सापडलेले तीन किलो ओरेक्किएत्ते कुणी केले याची कागदोपत्री नोंद नव्हती. जगभर कौतुक होणारा हात, पण कागदावर त्याचा पत्ता नाही. आपल्या पापड-लोणचं करणाऱ्या मावशी डोळ्यांपुढे आल्या ना?

आणि एक ताजी बातमी. २०२५ च्या डिसेंबरमध्ये युनेस्कोची बैठक दिल्लीत, लाल किल्ल्यावर भरली होती. त्या बैठकीत इटलीची पाककला मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत गेली. त्याच बैठकीत आपली दिवाळीही गेली! आपण त्याचा जल्लोष केला, करायलाच हवा. पण दिवाळी म्हणजे शेवटी काय? चकलीचा सोऱ्या, करंजीची मुरड, अनारशाचं जाळीदार पीठ. यादीत नाव गेलं म्हणून मुरड टिकत नाही. ती कुणीतरी कुणाच्या तरी शेजारी बसून घालून दाखवावी लागते.

आता आपलाच हिशेब मांडू या. हाताने वळलेल्या, लाटलेल्या, सुकवलेल्या पिठाच्या जिनसा आपल्याकडे किती! शेवया, पाटावरच्या आणि यंत्राच्याही. गव्हले, नखुले, मालत्या, बोटवे, फेणुल्या. देशावर आमटीत सोडलेल्या चकोल्या, विदर्भ-मराठवाड्यातली वरणफळं. विदर्भातल्या माझ्या मैत्रिणीकडे काडीभोवती पिठाची वळी गुंडाळून करतात ते सरगुंडे, आमरसाबरोबर खायचे. इटलीत सळईभोवती पीठ गुंडाळून पास्ता करतात तो आणि सरगुंडे शेजारी ठेवले तर भाऊ-भाऊ वाटतील. या खोलीत आज दीडएकशे माणसं आहेत. यातल्या किती जणांना गव्हला वळता येतो? हात वर करू नका, मी मोजणार नाही. पण ज्यांना येतो त्या कुठे बसल्यात ते बघा. त्या मागच्या दोन टेबलांवर आहेत, आणि त्यांतल्या सगळ्यात लहान बाई अडुसष्ट वर्षांच्या आहेत.

म्हणून बोलोन्याहून आल्यावर आम्ही एक छोटी गोष्ट सुरू केली. आपल्या ज्येष्ठ मंडळींचा दर मंगळवारी मेळावा भरतो, हे तुम्ही जाणताच. चहा, भजन, पत्ते, गप्पा. त्यात महिन्यातून एकदा शेवटचा एक तास ‘हाताचा तास’. शिकवणार ज्येष्ठ, शिकणार तरुण. पहिल्या वेळी आईंनी गव्हले दाखवले, सहा जणी आल्या. दुसऱ्या वेळी एका आजींनी पाटावरच्या शेवया केल्या, हॉलच्या खुर्च्यांच्या पाठी शेवयांनी भरल्या, केअरटेकर बघतच राहिला. तिसऱ्या वेळी एका आजोबांनी, आयुष्यभर रेल्वेत नोकरी केलेल्या, भाकरी थापून दाखवली. “नोकरीच्या गावी एकटा असायचो, शिकलो,” म्हणाले. आमचे हे त्या दिवशी पहिली भाकरी थापून घरी आले. तिचा आकार साधारण इटलीच्या नकाशासारखा होता, पण चव बरी होती!

यातून काय झालं ते सांगते. मंगळवारी न येणाऱ्या चार आजी यायला लागल्या. एक जण कित्येक महिने घराबाहेर पडल्या नव्हत्या. त्यांच्या सुनेने मला फोन केला, “ताई, आई काल रात्रीच रवा चाळून ठेवत होत्या.” माणसाला पाहुणचार मिळाला की बरं वाटतं. पण आपली गरज आहे असं वाटलं की माणूस उठून बसतो. डॉक्टरांच्या चिठ्ठीवर हे औषध मिळत नाही. ते मिळतं या हॉलमध्ये, दर मंगळवारी, साडेदहा ते दोन.

आणि मंडळी, हा हॉल फुकट मिळत नाही. भाडं आहे. थंडीत हीटिंगचा खर्च आहे. ज्यांना बस बदलून येणं जमत नाही त्यांच्यासाठी मिनीबस आहे, तिचा ड्रायव्हर आणि विमा आहे. आजवर आपण हा मेळावा आठवड्यातून एकदा करत आलो. आज जमणाऱ्या निधीतून आणखी एक वार सुरू करायचा आणि मिनीबस गावाच्या पलीकडच्या भागापर्यंत न्यायची, असा कार्यकारिणीचा मानस आहे. त्या भागात आपले किमान दहा-बारा ज्येष्ठ एकेकटे राहतात. त्यांना आणायची सोय नाही, म्हणून ते येत नाहीत. एवढंच कारण.

ज्यांना घरी करून बघायचंय त्यांच्यासाठी कृती सोपी आहे. चार माणसांना चारशे ग्रॅम मैदा, चार अंडी. अंडं नको असेल तर मैदा आणि कोमट पाणी, पिठाच्या निम्म्याने पाणी धरा, हळूहळू घाला. पंधरा मिनिटं मळा, अर्धा तास मुरवा, पातळ लाटा, कापा. शंभर ग्रॅमला एक लिटर पाणी, लिटरला दहा ग्रॅम मीठ, उकळी खळखळली की सोडा. ताजा पास्ता दोन-तीन मिनिटांत होतो, समोरून हलू नका. आणि हे करताना घरातल्या ज्येष्ठांना शेजारी बसवा. काही शिकवण्यासाठी नव्हे, त्यांच्याकडून शिकण्यासाठी. गोळा त्यांच्या हातात द्या आणि विचारा, “आई, तुम्ही याचं काय कराल?”

दाराशी दोन टेबलं मांडली आहेत. डावीकडच्या टेबलावर देणगीचे फॉर्म आणि पावती-पुस्तक. जे करदाते आहेत त्यांनी गिफ्ट एडच्या चौकोनात खूण करायला विसरू नका, त्यामुळे तुमच्या प्रत्येक पौंडामागे मंडळाला सरकारकडून पंचवीस पेन्स जास्त मिळतात. उजवीकडच्या टेबलावर एक वही आहे. त्यात पैसे लिहायचे नाहीत. तुमच्या घरच्या ज्येष्ठांचं नाव लिहायचं आणि समोरच्या रकान्यात त्यांना हाताने काय करता येतं ते लिहायचं. वाती, गोधडी, सांडगे, रांगोळी, विणकाम, हार्मोनियमची दुरुस्ती, काहीही. त्या रकान्यात ‘काही नाही’ हे उत्तर आम्ही स्वीकारणार नाही!

माझं पुराण फार लांबलं. मसालेभात निवतोय आणि स्वयंपाकघरातल्या मंडळींच्या नजरा मला कळताहेत. पोटभर जेवा, आणि सढळ हाताने द्या.

जय महाराष्ट्र!